चौतिसावं वर्ष

गृहकर्जाच्या कागदांवर सही केली तेव्हा मी चौतीस वर्षांचा होतो, आणि कर्ज फिटेपर्यंत मी चौतीस वर्षांचाच राहणार होतो. अट क्रमांक एकोणीसमध्ये तसं स्पष्ट लिहिलं होतं. घराचं मूळ खरेदीखत आणि अर्जदाराचं वय, दोन्ही कर्ज फिटेपर्यंत बँकेच्या ताब्यात राहतील. बँकेतल्या साहेबांनी ही अट बाकीच्या अटींच्याच वेगानं वाचून दाखवली.

"म्हणजे वीस वर्षं मी म्हातारा होणार नाही?" मी विचारलं.

"मुदत वीस वर्षांची आहे," साहेब म्हणाले. "इथं सही करा. आणि इथं."

मला त्यात तोटा दिसला नाही. माझ्या वडिलांचे गुडघे पंचेचाळिशीतच गेले होते.

निर्मला, माझी बायको, शेजारच्या खुर्चीत बसली होती. तिची सही घेतली नाही. ती घरी दहावीच्या गणिताच्या शिकवण्या घ्यायची. त्या पैशांना पगाराची पावती नव्हती, म्हणून कर्ज माझ्या एकट्याच्या नावावर झालं. ती एकतीस वर्षांची होती. तिचं वय तिच्याकडेच राहिलं.

घर नाशिकला, पाथर्डी फाट्याच्या आत, तिसऱ्या मजल्यावर. मी अंबडच्या एका कारखान्यात गेज रूमला होतो. यंत्रांचे सुटे भाग बरोबर मापाचे आहेत की नाहीत हे तपासायचं माझं काम. आमची मुलगी केतकी तेव्हा सहा वर्षांची होती. नव्या घरात पहिल्या दिवशी तिनं प्रत्येक खोलीत जाऊन हाक मारून बघितली.

बँकेनं हप्त्यांचा तक्ता दिला होता, दोनशे चाळीस ओळींचा. तो मी कपाटात ठेवला. निर्मलानं तो काढला आणि आठवडाभर शिकवणी संपल्यावर पेन्सिल घेऊन त्याच्यासमोर बसली.

"अहो, पहिली काही वर्षं आपण बहुतेक व्याजच भरणार आहोत," ती म्हणाली. "मुद्दल जागचं हलत नाही."

"सगळ्यांचं तसंच असतं."

"दर वर्षी थोडं जास्तीचं भरलं तर मुदत कमी होईल. आणि आणखी एक आहे. व्याजाचा दर वाढला तर हप्ता वाढत नाही. वर्षं वाढतात."

"हप्ता वाढत नाही ना? मग झालं."

हे मी म्हणालो. ते मला अजून लख्ख आठवतं. चौतिसाव्या वर्षी माझी स्मरणशक्ती चांगली होती आणि ती तशीच राहिली.

पहिली वर्षं मजेत गेली. कारखान्यात वाढदिवसाच्या फळ्यावर माझ्या नावापुढे दरवर्षी चौतीस लिहायचे. चष्मा लागला नाही, पोट सुटलं नाही. तिसऱ्या वर्षी निर्मलाही चौतीसची झाली. त्या दिवशी आम्ही तिघं बाहेर जेवायला गेलो.

"आज आपण बरोबरीचे," ती म्हणाली. मग तिनं पर्समधून एक चेक काढून टेबलावर ठेवला. तिच्या वडिलांनी सिन्नरची जमीन विकली होती, त्यातला तिचा वाटा. दोन लाख. "मी मांडून बघितलंय. हे आत्ता भरले तर साडेपाच वर्षं कमी होतात. मी तुमच्यापेक्षा फार पुढे जाणार नाही."

मी चेक खिशात ठेवला. बँकेत जायचं माझ्या मनात खरंच होतं. पण त्या महिन्यात समोरच्या फ्लॅटमध्ये स्वयंपाकघराचं नवं काम झालं. ओट्याखाली सरकते कप्पे, वर छताला आतून दिवे. ते बघून आल्यावर आपलं घर मला रिकामं वाटायला लागलं. पैसे त्यात गेले. वर्षं काय, मी निर्मलाला म्हणालो, पुढच्या वर्षी बोनसमधून कमी करू.

तिनं एक कप्पा ओढून बघितला. तो आवाज न करता बाहेर आला आणि आवाज न करता आत गेला.

"छान झालंय," ती म्हणाली.

दर पुढच्याच वर्षी वाढला. बँकेचं पत्र आलं. आपल्या सोयीसाठी हप्ता तोच ठेवून मुदत सव्वीस वर्षं करण्यात आली आहे. मला हायसं वाटलं, कारण महिन्याच्या खर्चाला कुठं धक्का लागला नव्हता. दोन वर्षांनी तसंच दुसरं पत्र आलं, एकतीस वर्षांचं. निर्मलानं शिकवणीच्या फळ्यावर एका कोपऱ्यात एकतीस लिहिलं आणि त्याभोवती चौकट काढली, मुलांनी पुसू नये म्हणून.

ती चाळीस वर्षांची झाली, मग पंचेचाळीस. केतकीच्या कॉलेजच्या गॅदरिंगमध्ये एका बाईंनी मला विचारलं, "तुम्ही केतकीचे मामा का?" मी हसत घरी येऊन हे सांगितलं. निर्मला हसली नाही. तिला तेव्हा रात्ररात्र घाम यायचा, झोप लागायची नाही, कशानंही डोळे भरून यायचे. मी तिला डॉक्टरकडे नेलं, औषधं आणली, पण तिला काय होतंय ते मला कळत नव्हतं. माझ्या वयाच्या कुठल्याच माणसाला कळलं नसतं.

आणि मी तापटच राहिलो. रिक्षावाल्याशी भांडायचो, सोसायटीच्या मीटिंगमधून उठून यायचो. एकदा पार्किंगवरून मी खाली आरडाओरडा करून वर आलो तेव्हा ती भाजी निवडत होती.

"वय वाढलं की शांत होतील, असं वाटलं होतं," ती म्हणाली. हे ती मला म्हणाली नाही. भाजीकडे बघून म्हणाली.

एकदा मी कामाला निघालो होतो. डबा ओट्यावरच राहिला होता. मागून तिची हाक आली, "अरे, डबा." लग्नाला सव्वीस वर्षं झाली होती आणि तोवर तिनं मला 'अहो' सोडून दुसरं काही म्हटलं नव्हतं. आम्ही दोघं दारात उभे राहिलो. ती एकोणपन्नास वर्षांची होती. तिनं शब्द मागे घेतला नाही. मी डबा घेतला आणि जिना उतरलो. त्यानंतर ती मला 'अरे'च म्हणत राहिली. पुढे कधीतरी, ती पंचावन्नची वगैरे झाल्यावर, माझ्याच्यानं तिला 'तू' म्हणवेना. मी 'अहो' म्हणायला लागलो. पलंग आमचा एकच होता, पण मधे केतकी लहान असताना झोपायची तेवढी जागा रिकामी राहायला लागली.

कारखान्यात माझ्याबरोबर लागलेली माणसं निवृत्त झाली. प्रत्येकाला शाल, श्रीफळ आणि घड्याळ मिळालं. सत्कारात फुलांचं ताट धरायचं काम माझ्याकडे असायचं, कारण मी तरुण होतो. मी व्यवस्थापकांना विचारलं, माझं कधी? त्यांनी माझी फाइल काढली.

"खैरनार, तुमची अजून चोवीस वर्षं नोकरी आहे," ते म्हणाले.

तेव्हा मुदत एक्केचाळीस वर्षांची झाली होती.

केतकी पुण्यात नोकरी करत होती, भाड्याच्या घरात राहायची, महिन्यातून एकदा यायची. ती चौतीसची झाली त्या वर्षी आम्ही दोघं एकाच वयाचे होतो. पण तिला रजा मिळाली नाही, म्हणून ते वर्ष आम्ही फोनवरच घालवलं. पुढच्या दिवाळीला ती आली तेव्हा माझ्यापेक्षा एका वर्षानं मोठी होती. मी फराळाचे डबे उतरवायला स्टुलावर चढलो, तर ती म्हणाली, "बाबा, तू उतर. मी काढते." ती लहानपणापासून मला 'तुम्ही' म्हणायची. बोलून झाल्यावर तिनं आईकडे बघितलं. निर्मलानं मान हलवली, म्हणजे चालेल.

मग हळूहळू त्या दोघी माझ्याबद्दल माझ्यासमोर बोलायला लागल्या. याला हिशेबातलं सांगू नकोस, चिडेल. याची गाडी सर्व्हिसिंगला टाक. मी हॉलमध्ये बसून ऐकायचो. घर माझ्या नावावर होतं, हप्ता माझ्या पगारातून जात होता, आणि त्या घरात मी सगळ्यांत लहान होतो.

केतकी त्रेचाळीस वर्षांची झाली तेव्हा निर्मलाच्या छातीत दुखायला लागलं. डॉक्टर म्हणाले, फार धावपळ नको, जिने नकोत. दवाखान्यातल्या कागदावर 'रुग्णाशी नातं' अशी एक रिकामी जागा होती. मी तिथं 'पती' लिहिलं. काउंटरवरच्या मुलीनं ते वाचलं, माझ्याकडे बघितलं आणि विचारलं, "मुलगा ना?" मागे रांग होती. मी ते खोडून मुलगा असं लिहिलं.

हे मी घरी सांगितलं नाही. पण तो कागद औषधांच्या पिशवीत होता आणि केतकीनं तो वाचला. ती कागद हातात धरून बराच वेळ बाल्कनीत उभी राहिली. सोमवारी ती पुण्याला परत गेली नाही. मला आणि निर्मलाला रिक्षात घालून बँकेत घेऊन गेली.

बँकेत आता एक तरुण बाई होत्या. त्यांनी माझं खातं उघडलं. बारा लाखांच्या कर्जाचे मी सदतीस वर्षांत अठ्ठेचाळीस लाख भरले होते आणि अजून चार वर्षं बाकी होती. त्यांनी हे अगदी सौम्य आवाजात सांगितलं.

"चार घरं झाली असती," मी म्हणालो.

"बाकी रक्कम आज भरली तर?" केतकीनं विचारलं.

"तर आजच बंद होईल."

"तू घरासाठी साठवलेत ते पैसे," निर्मला तिला म्हणाली. "तुझ्या स्वतःच्या."

"मी भाड्यानंच राहते, आई. मला पन्नाशी बघायचीय."

केतकीनं पैसे भरले. बाईंनी छापील पत्रावर शिक्का मारला, आतून एक पिवळी फाइल आणली आणि माझ्यासमोर ठेवली. आत खरेदीखत होतं. कडा दुमडलेल्या होत्या, पण कागद शाबूत होते. मी फाइल उलटी करून बघितली. मागे काही नव्हतं.

"माझं वय?" मी विचारलं.

"तुमचं वय आजपासून सुरू, सर. येत्या जुलैत पस्तीस."

"मधली सदतीस वर्षं?"

त्यांनी पडद्यावर शोधलं. शेजारच्या टेबलावर जाऊन कुणाला तरी विचारून आल्या.

"ती मुद्दलात नव्हती, सर. व्याजात धरलेली होती. व्याज परत होत नाही."

मी निर्मलाकडे बघितलं. बँकेत भिंतीला लागून खुर्च्या होत्या, त्यातल्या एकीवर ती बसली होती, दोन्ही हात काठीवर ठेवून. ती अडुसष्ट वर्षांची होती. एवढी वर्षं मी मनाशी धरून चाललो होतो की कर्ज फिटल्या क्षणी मी तिच्या शेजारी जाऊन बसेन आणि उठताना आम्हा दोघांनाही हात टेकावा लागेल. हे मी तिला कधी सांगितलं नव्हतं. तिच्याकडे बघताना लक्षात आलं की तीही हेच धरून चालली होती. तिनं येताना माझ्यासाठी दुसरी काठी आणली होती. ती खुर्चीच्या पाठीला टेकवून ठेवलेली होती.

"अहो," मी तिला म्हणालो, "तो चेक."

"कुठला?"

"सिन्नरच्या जमिनीचा."

तिला आठवायला वेळ लागला. "असू दे," ती म्हणाली. "लहान होतास."

घरी आलो. केतकीनं खिचडी टाकली. त्या रात्री मी पलंगावर मधल्या रिकाम्या जागेत सरकून झोपलो आणि निर्मलानं मला सरक म्हटलं नाही. नंतरचे काही आठवडे मी रोज आरशासमोर उभा राहून दात, डोळे, मान तपासायचो. सूक्ष्म फरक ओळखायचं तर माझं कामच होतं, पण हाताला काही लागत नव्हतं. निर्मलाचा श्वास मात्र दिवसेंदिवस आखूड होत होता. रात्री मी तो मोजायचो, माझा दुप्पट लांब होता.

एका रविवारी तिनं मला खिडकीजवळ खाली बसवलं आणि स्वतः मागे खुर्चीवर बसली. चष्मा लावला. माझं डोकं दोन्ही हातांत धरून उजेडाकडे वळवलं आणि केस एकेक करून बाजूला सारायला लागली. बराच वेळ लागला. मग कानाच्या वर एका जागी तिची बोटं थांबली.

"आहे," ती म्हणाली. "एक आहे पांढरा."

मला तो दिसणं शक्य नव्हतं. तिनं त्याच्याभोवती हाताचा आडोसा केला, समईची वात विझू नये म्हणून करतात तसा.

"केतकी," तिनं आत हाक मारली, "पंखा बंद कर गं."