कृपया बसू नये

मी एक स्टूल बोलतोय. चार पाय, वर गोल फळी, फळीवर कातडी गादी आणि गादीला एक चीर. परवापरवापर्यंत माझ्याभोवती लाल मखमली दोर होता आणि पुढ्यात पुठ्ठ्याची पाटी: 'कृपया बसू नये.' स्टुलापुढे अशी पाटी लावणं म्हणजे पंख्याला 'वारा घालू नकोस' म्हणण्यासारखं. पण मोठ्या माणसांच्या डोक्यात एकदा आदर शिरला, की तिथे दुसऱ्या कशालाच जागा उरत नाही.

माझा जन्म घाईतला. चपलांच्या दुकानदाराला गिऱ्हाईक बसवायला काहीतरी हवं होतं आणि सुताराकडे जुन्या कपाटाचं लाकूड पडून होतं. तीन पाय नीट झाले. चौथ्याच्या वेळी जेवणाची हाक आली. सुताराच्या बायकोने मला हलवून पाहिलं आणि म्हणाली, "अहो, हे डुगडुगतंय."

"जमीन वाकडी आहे," सुतार म्हणाला आणि हात धुवायला गेला.

दुकानात मी फार काळ राहिलो नाही. समोरच्या हॉटेलात दुपारी जॅझ वाजायचं. तिथल्या पियानोचं बाकडं ड्रमवाल्याने मोडलं; त्याच्यावर चढून तो दिवा बदलत होता. म्हणून मला तात्पुरतं मागून नेलं. तात्पुरती नेलेली वस्तू परत करायची पद्धत कुठेच नसते. मी तिथलाच झालो.

जॅझ म्हणजे काय ते मला तिथे कळलं. ओळखीचं गाणं घ्यायचं, त्याला घराबाहेर काढायचं, भलत्याच गल्ल्यांतून फिरवायचं आणि शेवटी सुखरूप घरी आणून सोडायचं. हे काम करणारी पियानोवाली सकाळी शाळेत गणित शिकवायची, म्हणून हॉटेलातही सगळे तिला बाईच म्हणत. मीही तेच म्हणतो.

पहिल्या दुपारी बाई माझ्यावर बसली, डावीकडच्या खालच्या सुरांकडे झुकली आणि मी कललो. टक. पडू नये म्हणून तिने तोल सावरला, आणि तेवढ्यात तिचा डावा हात किंचित उशिरा पट्टीवर पडला.

"काय गं, झोपलीस का?" डबल बासच्या जाड तारांमागून लंबूदादाने विचारलं. तो त्या वाद्याएवढाच उंच होता.

"स्टूल डुगडुगतंय."

"मग घाल काहीतरी खाली. नाहीतर जाशील घरंगळत स्वयंपाकघरात."

बाईने मेनूचं कार्ड दुमडून माझ्या आखूड पायाखाली सरकवलं. गाणं पुन्हा सुरू झालं. हात बरोबर वेळेवर पडू लागले. थोडा वेळ तिने ते ऐकलं, मग तोंड वाकडं केलं आणि पायानेच कार्ड बाहेर ओढलं. "मगाचंच बरं होतं," ती म्हणाली. "मध्ये जरा जागा होती."

त्या जागेनेच सगळं बदललं. तोवर पियानोवाले डाव्या हाताने घड्याळासारखा ठेका धरायचे. बाईने त्या घड्याळाला भोक पाडलं. तिचा हात उशिरा येणार म्हटल्यावर ड्रमवाला त्या फटीत चिमूटभर काहीतरी टाकायचा, लंबूदादा एखादा सूर सोडायचा, कधी कुणीच काही करायचं नाही आणि ते सगळ्यात भारी वाटायचं. लांबून माणसं ऐकायला येऊ लागली. बाईने पियानोला श्वास घ्यायला शिकवलं, असं कुणीतरी छापून आणलं. माझं नाव अर्थातच नव्हतं.

पण बाई तिथे थांबली नाही. एकदा तिने अख्खं गाणं डावा हात मांडीवर ठेवून वाजवलं. एकदा कोपराने वाजवलं. कुणी "ते कालचं होऊ द्या" म्हटलं, की ती म्हणायची, "ते काल झालं." रेकॉर्डिंगच्या दिवशी यंत्रावरचा माणूस वैतागला. "बाई, तेवढं स्टूल बदला हो, आवाज येतोय." बाई म्हणाली, "राहू दे, घरचंच आहे." त्या तबकडीवर माझी टक अजून ऐकू येते. ऐकलीत तर ओळख ठेवा.

मग बाईने मला घरी नेलं आणि तिच्याकडे शिकायला लोक येऊ लागले. त्यातला पहिला शिष्य म्हणजे आताचे सर. माणूस भला, पण बाई शिंकली तरी ती शिंक कुठल्या सुरात होती ते पाहणारा. एकदा त्यांनी विचारलं, "बाई, डावा हात नेमका किती उशिरा टाकायचा?"

"स्टुलाला विचार," बाई वैतागून म्हणाली.

त्यांनी विचारलं. अक्षरशः. जमिनीवर पालथे पडून त्यांनी माझा आखूड पाय पट्टीने मोजला. पुढे त्यांनी बाईच्या नावाने संगीतशाळा काढली आणि तिथल्या प्रत्येक स्टुलाचा एक पाय मापाने कापून घेतला. परंपरा म्हणून!

बाई पहिल्यांदा ती शाळा बघायला गेली तेव्हा सरांनी मलाही कौतुकाने नेलं होतं. दार उघडलं तर खोलीभर मुलं डुगडुगतायत, आणि सगळी सारख्याच गंभीर चेहऱ्याने. बाईने पदर तोंडाला लावला. तिचे खांदे हलू लागले, डोळ्यांतून पाणी आलं. सर हेलावून गेले. त्यानंतर प्रत्येक भाषणात ते सांगायचे, "आमची शाळा पाहून बाईंना रडू फुटलं होतं."

तिची नातही तेव्हा सोबत होती. ती आजीला चिमटे काढत होती.

ही नात माझ्यावरच वाढली. घरी आजीच्या मांडीवर बसून ती पियानो शिकली. एकदा तिने मुद्दाम डावा हात उशिरा टाकला तर बाईने तिचं मनगट धरलं. "मी उशिरा येते कारण मला पडायचं नसतं. तू का उशिरा येतेस?" त्याचं उत्तर शोधत शोधत नात मोठी झाली.

बाई गेली. एका सकाळी उठलीच नाही, एवढंच. पियानो शाळेत गेला, पाठोपाठ मी. मला दोर मिळाला, पाटी मिळाली. रोज फडक्याने पुसायचे, पण टेकत कुणी नव्हतं. स्टुलाला एकटेपण म्हणजे काय ते तेव्हा कळलं.

शाळेत बाईचा स्वतःचा एक वर्ग होता, तो रिकामा पडला. नातीला तो हवा होता. दुसरं काही नकोच होतं. सर म्हणाले, "तुझाच आहे. फक्त बाईंच्या वाढदिवसाला त्यांची तबकडी जशीच्या तशी वाजवून दाखव. कार्यकारिणीचं म्हणणं आहे."

"आजीने स्वतः ती दुसऱ्यांदा तशी वाजवली नाही."

"म्हणून तर जपायची."

"सर, तुम्ही लोणचं घालताय."

"अगं, मोठ्यांशी असं बोलतात?" सोबत आलेली तिची आई मधे पडली.

"आणि मोठे असं वागतात? मुलांना मुद्दाम वाकड्या स्टुलांवर बसवतात?"

सर शांतपणे म्हणाले, "तशीच वाजवलीस तर वर्ग तुझा. नाहीतर माझ्या दुसऱ्या विद्यार्थ्याला सगळी पाठ आहे." आणि वर्ग जाणार या भीतीने नातीचा चेहरा उतरला. ती तावातावाने बोलते, पण तिला घाबरता येतं, हे मला माहीत आहे. लहानपणी घाबरली की माझ्या चिरेत बोट घालून बसायची.

वाढदिवसाच्या दुपारी सभागृह भरलं. लंबूदादा काठी टेकत आला आणि पुढच्या रांगेत बसला. व्यासपीठावर शाळेचं कापलेलं स्टूल मांडलं होतं. नातीने ते बाजूला सारलं, दोर ओलांडला आणि मला उचललं. पियानोपुढे आणून ठेवलं. मग तिने 'कृपया बसू नये'ची पाटी घेतली, दुमडली आणि माझ्या आखूड पायाखाली घातली.

त्या मेनूच्या कार्डानंतर मी पहिल्यांदाच सरळ उभा होतो. तिने माझ्या चिरेत एकदा बोट घातलं आणि सुरुवात केली.

सुरुवात तबकडीसारखीच होती. सर मान डोलावू लागले. मग माझ्या टकची जागा आली. मी हललो नाही. नातीचे हातही थांबले. ती जागा तशीच उघडी राहिली. आणि पुढच्या रांगेतून काठी आपटली. टक.

नात हसली आणि निघाली. आजीचा डावा हात उशिरा यायचा. हिचा आधीच दारात हजर, आणि उजवा धापा टाकत मागून. गाणं अशा गल्ल्यांत शिरलं की मला वाटलं आज काही हे घरी परतत नाही. परतलं. लंबूदादाने काठी वर केली. "ही आली बघ," तो शेजारच्याला म्हणाला. टाळ्या वाजल्या, पण कार्यकारिणीतले एक आजोबा फक्त एवढंच विचारत होते, "पाटी कुठे गेली?"

सभागृह रिकामं झाल्यावर सर माझ्यापाशी आले. त्यांनी माझं माप घेतलं होतं, मला पुसलं होतं, माझ्यावर भाषणं केली होती. बसले मात्र कधी नव्हते. त्यांनी वाकून पाटी काढली, इकडेतिकडे पाहिलं आणि बसले. डावीकडे झुकले. टक. त्यांचा हात दचकून उशिरा पडला. ते थांबले. पुन्हा झुकले. टक. त्यांचे खांदे हलू लागले आणि डोळ्यांत पाणी आलं.

"म्हणजे त्या दिवशी बाई हसत होत्या," ते म्हणाले.

"हो," दारातून नात म्हणाली.

"मला कुणी सांगितलं नाही."

"तुम्ही विचारलं कुठे?"

सरांनी डोळे पुसले. "सोमवारपासून वर्ग घे. आणि त्या स्टुलांचं काय करायचं ते तूच बघ."

आता मी त्या वर्गात असतो. बाकीच्या स्टुलांखाली कुणी पुठ्ठा घालतं, कुणी वही, कुणी काहीच नाही. पडायचं असेल तर पडा, असं नात सांगते. माझी गादी आणखी फाटलीय आणि काल एका मुलीने माझ्यावर उभं राहून वाजवलं. ते बाईने कधी केलं नव्हतं.

सरांनी काढलेली पाटी पुढे गेली कुठे, ते मला ठाऊक नाही. तुम्ही कधी आलात तर उगाच हात जोडून उभे राहू नका. या, बसा.