फोटोतला हापसा

मी एक जुना हापसा आहे. मित्रांनो, अंगावरच्या हिरव्या रंगाला फसू नका. तो मला कोर्टाच्या धाकाने लावला आहे.

बिहारातल्या एका शाळेत मी अकरा वर्षं काढली. पोरं दांड्याला लोंबकळून पाणी उपसायची. मास्तर म्हणायचे, "या शाळेत कामाचा एवढा एकच. मलाही त्यात धरून सांगतो." मग खालचं पाणी आटलं आणि मी सरकारी गोदामात गंजत पडलो.

तिकडे पिपराटोली नावाच्या वस्तीत विहिरीचं फ्लोराइडचं पाणी हाडं वाकवत होतं. रमरतिया देवीची पाच वर्षांची नात फेकनी गुडघ्यावर गुडघा आपटत चालायची. म्हणून रमरतिया हायकोर्टात गेली. तीन महिन्यांत खोल बोअर घेऊन हापसा बसवा, असा हुकूम झाला. दोन वर्षं कुणी तिकडे ढुंकूनही पाहिलं नाही. शेवटी तिच्या वकिलाने अवमानाचा अर्ज लावला आणि न्यायाधीशांनी कलेक्टरसाहेबांनाच गुरुवारी जातीने बोलावलं. सोमवारी मला रंग लागला.

मंगळवारी पिपराटोलीत सिमेंटचा ओटा झाला. तो ओला असतानाच मला त्यावर बोल्टांनी आवळलं. माझ्याखाली ना बोअर होतं, ना पाइप.

"काकी, दांडा धरा," इंजिनिअर सिन्हाबाबू म्हणाले. "फोटो वर गेला की बोअरचं मशीन येतंय."

"थांबा, लुगडं बदलून येते," रमरतिया म्हणाली.

"लग्नात तरी एवढी नटली होतीस का गं?" शेजारणीने टोमणा मारला. सगळ्या हसल्या, तीही हसली. माझ्या तोंडाखाली तळ्यातून भरून आणलेली बादली होती. मला ओरडावंसं वाटलं, पण माझा घसाच कोरडा.

गुरुवारी संध्याकाळी ती माझ्या ओट्यावर बसून वकिलाशी फोनवर बोलली.

"वकीलबाबू, मशीन अजून आलं नाही."

"आता येणारही नाही, काकी. फोटोत दांडा तुम्हीच धरलाय. बादली भरलेली, तुम्ही हसताय. हुकूम पाळला म्हणून न्यायाधीशांनी प्रकरण बंद केलं."

"फोटो काढताना हसायचं नसतं का, बाबू?"

वकील म्हणाला, "पुन्हा अर्ज करू. वर्ष-दोन वर्षं जातील."

शुक्रवारी मला सोडवायला मजूर आले, कारण दुसऱ्या एका वस्तीच्या खटल्याची तारीख जवळ आली होती. रमरतियाने दांडा घट्ट धरला. त्यांनी तिची बोटं एकेक करून सोडवली. मित्रांनो, त्या दिवशी मला लोखंड असल्याची लाज वाटली.

आता उभा आहे ते हे माझं पाचवं गाव, आणि इथेही माझ्याखाली बोअर नाही. मला तेल नको, रंग नको. तुमच्यातलं कुणी उद्या न्यायाधीश होईल, कुणी साहेब होईल. त्यांनी फोटो बघून सही करू नये. इथे यावं आणि माझा दांडा दोनदा मारून बघावा.

पण लवकर या. परवा मजूर बोलत होते, फेकनी आता चालत नाही, रांगते.