मदर दोरोतेंचा एप्रन

सेंट लॉरेन्स नदीकाठच्या मठात सिस्टर ओनोरीन एकतीस वर्षं धुणं धूत होती. निराधार म्हाताऱ्यांसाठी जोगिणींचा हा संघ काढणाऱ्या मदर दोरोते वारल्या, त्या सोमवारीही तिने हाताच्या सवयीने सगळे कपडे उकळत्या पाण्यात टाकले. त्यांत मदरचा शेवटचा एप्रनही गेला. वाळल्यावर तो तिने मठाच्या वृद्धाश्रमातल्या एक्झिल्दाला दिला. धुतलेलं कापड कपाटात पडू द्यायचं नाही, हा मदरचाच नियम.

आता मदरना संतपद मिळावं म्हणून चौकशी सुरू झाली होती. त्यासाठी आलेल्या फादर गिल्बोंना पवित्र अवशेष म्हणून नेमका तोच, न धुतलेला एप्रन हवा होता.

"सगळे एकाच ताग्यातले," नव्या मदर फिलोमेन कुजबुजल्या. "दुसरा दे. कोण ओळखतंय?"

"शपथ घेऊन खोटं बोलू?"

"बोलू नकोस गं. नुसता पुढे कर."

ओनोरीन दुसऱ्या एप्रनची घडी घेऊन आत फादरांपुढे गेली. तिने बायबलवर हात ठेवला. आपल्यामुळे मदरचं संतपद हुकलं तर?

"हा तो नाही, फादर. तो मी धुतला. आणि देऊन टाकला."

मागोमाग आलेल्या मदर फिलोमेननी कपाळाला हात लावला. फादर मात्र खुर्ची पुढे ओढून बसले. "डाग कसले होते?"

"सुपाचे. काजळीचे. लाकूडतोड्यांच्या जखमा बांधायच्या, त्या रक्ताचे. कुठे काय करून आल्या ते मला धुण्यातच कळायचं. एक काळा डाग मात्र शेवटपर्यंत निघाला नाही. तो कसला, देव जाणे."

"चला, बघू या!" फादर उठलेच.

एक्झिल्दा स्वयंपाकघरात सलगम सोलत होती. फादर वाकून तिच्या अंगावरचा एप्रन न्याहाळू लागले, तशी ती खेकसली, "काय बघताय? काढून देणार नाही, सांगून ठेवते."

"नको, राहू दे. हा डाग कसला, आजी?"

"डांबराचा. छप्पर गळत होतं ना! कारागीर येईना, म्हणून मदर पहाटे स्वतः वर चढल्या. एकाहत्तर वर्षांच्या! शिडी मी धरली होती. कुणाला सांगू नकोस म्हणाल्या."

ओनोरीनने त्या डागावरून बोट फिरवलं. तिला वाटायचं, मदरचं सगळं आपल्याला ठाऊक आहे.

"हे शपथेवर सांगाल?" फादरांनी विचारलं.

"मदरना विचारल्याशिवाय?" एक्झिल्दा थबकली. मग तिने सुरी पुसली. "विचारणार तरी कुठे? चला. पण छपरावर त्या शिव्या घालत होत्या, तेही सांगावं लागेल ना?"

"तेही," फादर म्हणाले.