बेचाळीस मुलांचा वर्ग

शाळेतून फोन आला तेव्हा तिच्या हातात ब्रश होता आणि खुर्चीतल्या बाईंच्या अर्ध्या डोक्याला रंग लागला होता.

"तुमच्या मुलीनं गणिताच्या पेपरात उद्धटपणा केलाय. अकराला येऊन भेटा," एवढं बोलून सरांनी फोन ठेवला.

उरलेलं अर्धं डोकं तिनं शेजारच्या खुर्चीवरच्या मैत्रिणीकडे सोपवलं. पार्लरच्या मालकिणीनं तोंड वाकडं केलं. शाळेपर्यंतच्या वीस मिनिटांत तिचा पारा चढतच गेला. सातवीतली लेक शिक्षकांच्या खोलीबाहेर उभी होती.

"काय अकलेचे तारे तोडलेस? चारचौघांत मान खाली घालायला लावतेस मला?"

"आई, ऐक तरी..."

"गप्प बस. एक अक्षर बोलू नकोस."

सरांनी दोघींना आत बोलावून उत्तरपत्रिका टेबलावर पसरली. गणिताच्या खास वर्गासाठी आठ मुलं निवडायची होती, त्याची ही चाचणी. सातव्या प्रश्नापुढे लाल शून्य होतं. चार गुण गेले होते.

गणित तिला शाळेत कधीच जमलं नव्हतं. तरी तिनं प्रश्न सावकाश वाचला. वर्गातल्या मुलग्यांचं मुलींशी गुणोत्तर ३:२, एकूण विद्यार्थी ४२, तर मुलगे किती, मुली किती?

खाली लेकीचं अक्षर: '३ + २ = ५. ४२ ला ५ ने पूर्ण भाग जात नाही. असा वर्ग असूच शकत नाही. उदाहरण देणाऱ्यानं आधी स्वतः सोडवून बघायला हवं होतं.'

"हे शेवटचं वाक्य पाहिलंत? ही काय भाषा झाली?" सर म्हणाले.

ती वरच्या ओळीतच अडकली होती. तीन मुलगे, दोन मुली, पाचांचा एक गट. असे आठ गट म्हणजे चाळीस. दोन उरले. आपलंच चुकलं असेल म्हणून तिनं टेबलाखाली बोटांवर पुन्हा मोजलं. पुन्हा दोन उरले.

"सर, बरोबर उत्तर काय आहे?"

"मुलगे पंचवीस, मुली सतरा. बाकीच्यांनी लिहिलं की! त्यांना पूर्ण गुण दिलेत."

"पंचवीस कसे आले?"

"येतात पंचवीस पूर्णांक दोन दशांश. वरचं सोडून द्यायचं असतं, ताई."

"आणि मुली?"

"सोळा पूर्णांक आठ दशांश. त्याचे सतरा करायचे."

"म्हणजे एका मुलग्याचा पाचवा हिस्सा कापून मुलींत मिसळायचा?"

सरांनी चष्मा काढून पुसला. "अहो, मूळ आकडा चाळीस होता. टाइप करताना बेचाळीस झाला. एवढं काही नाही त्यात."

तिची कानशिलं तापली. "तुम्हाला माहीत होतं? माहीत असून तुम्ही हिला शून्य दिलंत?"

"आवाज खाली."

"नाही होणार खाली! मी दिवसभर रंग कालवते, सर. एकास दीड म्हणजे एकास दीडच. अंदाजपंचे केलं तर गिऱ्हाइकाच्या डोक्याची साल निघेल, आणि मग मी गिऱ्हाइकालाच उद्धट म्हणायचं का? चूक तुमची, ती दाखवली हिनं, आणि शिक्षाही हिलाच?"

शेजारच्या टेबलावरच्या बाईंनी वह्या तपासायचं थांबवलं. सर म्हणाले, "चार गुण देतो. पण त्या वाक्याबद्दल तिनं माफी मागावी."

आत आल्यापासून लेक पहिल्यांदाच बोलली. "वाक्य खोटं आहे का, सर?"

आई उत्तरपत्रिका उचलून उठली. "ती माफी मागणार नाही. मी मुख्याध्यापकांकडे जाते."

ती गेली. मुख्याध्यापकांनी कागद ठेवून घेतला. चार दिवसांनी फलकावर सूचना लागली: तांत्रिक कारणास्तव सातवा प्रश्न रद्द, सर्वांना चार गुण. चूक झाली असं कुठेच नव्हतं. पंचवीस लिहिणाऱ्यांना चार, काहीच न लिहिणाऱ्यांना चार आणि हिलाही चार. लेक खास वर्गात निवडली गेली, पण सूचना वाचून आईचा पुन्हा तिळपापड झाला.

"तांत्रिक म्हणे! एक ओळ लिहायला यांचे हात झडतात का?" रस्ताभर ती बडबडत राहिली. मग तिच्या लक्षात आलं की लेक दोन पावलं पुढे, एकटीच चालली आहे.

"तू का फुगलीस? मी भांडले ना तुझ्यासाठी?"

लेक थांबली. "भांडलीस. पण पेपर वाचल्यावर. त्याआधी तूसुद्धा मला गप्प बस म्हणालीस."

सरांसाठी तिच्याकडे चार दिवस पुरतील एवढे शब्द होते. इथे एकही सुचेना.

"चुकलं माझं," ती शेवटी म्हणाली.

"बरं," लेक म्हणाली. तिचा राग काही गेला नव्हता. ती तशीच पुढे चालू लागली, आणि आई मागून, तोंडातून एक शब्दही न काढता.