दोन आत, एक बाहेर

इस्पितळाच्या दुसऱ्या मजल्यावर नोंदी विभाग होता आणि तिथे आकडेमावशींचं राज्य होतं. मावशी कुणाला तपासत नसत, की सुई टोचत नसत. डॉक्टरांनी लिहिलेलं वाचायचं आणि केलेल्या प्रत्येक कामाला ठरलेला क्रमांक द्यायचा, एवढीच त्यांची नोकरी. पण ती त्या डोळ्यांत तेल घालून करत. वाचताना शंका आली की डॉक्टरांना लेखी प्रश्न जाई. "मावशींचा कागद आलाय" म्हटलं की भल्याभल्या डॉक्टरांच्या कपाळाला आठ्या पडत.

तांबी बदलण्याच्या भेटी म्हणजे तर त्यांच्या हातचा मळ. दिवस राहू नयेत म्हणून बसवलेल्या तांबीची मुदत संपली की बाई येते, जुनी निघते, नवी बसते, अर्ध्या तासात बाई घरी. क्रमांक मात्र दोन द्यायचे: एक काढल्याचा, एक बसवल्याचा. नवशिक्या मुली यातला एक हमखास गाळत आणि मावशींची बोलणी खात. "अगं, जुनी न काढताच नवी बसवली का त्यांनी? एकावर एक फुकट आहे का?"

त्या मंगळवारी सकाळी त्यांच्यासमोर एका बसचालक बाईची नोंद आली. वय एकोणचाळीस. मूल हवं म्हणून तांबी काढून दीड वर्ष झालं, तरी दिवस नाहीत. डॉक्टरीणबाईंनी लिहिलं होतं, वयाचा परिणाम असावा. आणि शेवटी: नवरा-बायकोने प्रयत्न थांबवायचं ठरवलंय. सोनोग्राफी वगैरे पुढच्या तपासण्या नकोत. फाइल बंद.

मावशींनी सवयीने मागचं सगळं उघडलं. दहा वर्षांपूर्वी बसवली. पाच वर्षांपूर्वी मुदत संपल्यावर नवी बसवली. दीड वर्षापूर्वी काढली. त्यांनी चक्क बोटांवर मोजलं. दोन आत गेल्या होत्या आणि एक बाहेर आली होती.

 मावशींना आधी सवयीप्रमाणे राग आला. "कुठल्या गाढवाने केलंय हे?" असं पुटपुटत त्यांनी पाच वर्षांपूर्वीचा कागद काढला. 'धागे दिसत नाहीत. जुनी पडून गेली असावी. नवी बसवली.' लिहिणारे डॉक्टर केव्हाच नोकरी सोडून गेले होते. खाली क्रमांक देणाऱ्याची सही होती, आणि ती मावशींचीच होती.

तांबीला बारीक धागे असतात, ते दिसले की ती जागेवर आहे हे कळतं; ते न दिसण्यालाही वेगळा क्रमांक असतो. तो दिला असता, तर फाइल उघडणाऱ्या प्रत्येक डॉक्टरला लाल खूण दिसली असती आणि कुणीतरी सोनोग्राफी करून घेतलीच असती. 'असावी' या शब्दापाशी थांबून प्रश्न पाठवायचा, हे तर मावशी नवशिक्यांना पहिल्याच दिवशी शिकवत. त्या दिवशी त्या का थांबल्या नाहीत, ते त्यांना काही केल्या आठवेना. एवढी मोठी चूक, आणि तिची आठवणसुद्धा नाही, याची त्यांना जास्त लाज वाटली.

त्यांनी कागद ओढला आणि लिहिलं: 'पाच वर्षांपूर्वी जुनी तांबी काढल्याची नोंद नाही. ती कुठे आहे? हा प्रश्न मी तेव्हाच विचारायला हवा होता.'

कागद विभागप्रमुखांच्या हातून पुढे जायचा. त्यांनी वाचला आणि आवाज खाली आणला. "मावशी, ती शेवटची ओळ खोडा. निवृत्तीला दोन वर्षं राहिलीत. कशाला स्वतःच्या पायावर धोंडा पाडून घेताय?"

"पडू दे. माझाच आहे तो."

डॉक्टरीणबाईंनी त्याच दुपारी बाईला फोन केला. नको-नको म्हणत ती गुरुवारी आली. सोनोग्राफीत जुनी तांबी गर्भाशयाच्या एका कडेला रुतून बसलेली दिसली, आणि ती काढली. संध्याकाळी ती नोंद मावशींच्या पुढ्यात आली. काढल्याचा क्रमांक त्यांनी तीनदा पडताळून दिला.

पुढच्या आठवड्यात खाकी गणवेशातली एक बाई जिना चढून वर आली. "आकडेमावशी कोण?" तिने विचारलं, आणि मावशी उठायच्या आत त्यांचे दोन्ही हात धरले. "तुमचे उपकार कसे फेडू?"

मावशींनी हात सोडवून घेतले. "आधी ऐक. पाच वर्षांपूर्वी तुझा कागद माझ्याच हातून गेला होता. मीच विचारलं नाही."

"माहीत आहे. डॉक्टरीणबाईंनी तुमचा कागद दाखवला मला. शेवटची ओळ मी दोनदा वाचली."

"तरी आलीस?"

"आधी येणारच नव्हते. डोकं फिरलं होतं माझं. अजून आहे राग, खोटं कशाला बोलू?" बाई खुर्चीवर टेकली. "दीड वर्ष, मावशी. नवरा बोलला नाही, सासूबाईंनी चकार शब्द काढला नाही. मीच बोलत होते, स्वतःच्या अंगाला. म्हातारं झालंय, वांझोटं झालंय, काय काय म्हटलं. ही कशाकशाची शिक्षा, ते मोजत बसायचे."

मावशींनी पाण्याचा पेला तिच्यापुढे ठेवला. ऐकून घेणं एवढंच त्यांच्या हाती होतं.

"मूल होईल का, ते डॉक्टरीणबाईसुद्धा सांगत नाहीत. नाही झालं तर नाही. पण त्या दिवशी पडद्यावर ती जुनी तांबी दिसली ना, तेव्हा कळलं, की माझं अंग बिचारं उगाच बोलणी खात होतं." तिने डोळे पुसले. "घरी गेले, आंघोळीला बसले, आणि या हातांची, या पोटाची माफी मागितली. तुम्ही तो कागद लिहिला नसता, तर मी मरेपर्यंत या अंगाला शिव्याच देत राहिले असते."