पोटाची पट्टी

नवरा-बायकोने अबोला धरावा, त्याला कुणाची हरकत नाही. पण मध्ये अर्धं जग असताना आणि बायको एका इंजिनाच्या विमानातून पृथ्वीला वळसा घालत असताना धरू नये, एवढी साधी अक्कल या दोघांना नव्हती. दोघं साठीला टेकलेली. तिने उभा जन्म शेतांवर फवारणी करणारी विमानं उडवली, त्याने तीच विमानं दुरुस्त केली. सगळा विमानतळ तिला कॅप्टनबाई म्हणायचा आणि त्याला नुसतं मिस्त्री.

विमानाचं नाव ठकी. दोन माणसांचं, पण मागची सीट काढून मिस्त्रीने तिथे पत्र्याची मोठी टाकी बसवली होती, कारण नुसत्या पंखांतल्या पेट्रोलवर समुद्र ओलांडून होत नाही. आता टाकीतून पेट्रोल बाहेर जायचं तर तेवढी हवा आत यावी लागते. तेलाच्या डब्याला एकच भोक पाडलं की तेल अडतं, मग आपण दुसरं पाडतो, तोच प्रकार. म्हणून प्रत्येक टाकीला श्वास घ्यायला एक भोक होतं. दोन पंखांखाली एकेक, आणि मागच्या टाकीचं खाली विमानाच्या पोटाला.

विमान उभं राहिलं की कुंभारीण माश्या नेमक्या अशा भोकांत मातीची घरं बांधतात. म्हणून उतरल्यावर मिस्त्री त्यांवर लाल चिकटपट्ट्या लावायचा. उडण्याआधी त्या काढायच्या, पण फेकायच्या नाहीत, वैमानिकाने आपल्या डाव्या बाहीवर चिकटवायच्या आणि बाही पुढे करून मोठ्याने मोजायच्या. डावा पंख, उजवा पंख, पोट. एक, दोन, तीन. मिस्त्रीने 'हं' म्हटलं की मगच इंजिन सुरू. लग्नाआधीपासूनचा त्यांचा हा रिवाज. जगाच्या फेरीला निघाल्यापासून ती प्रत्येक मुक्कामावरून फोनवर मोजून दाखवायची आणि तो घरच्या हँगरमधून 'हं' म्हणायचा.

भांडण झालं ते एका गॅस्केटवरून. गेल्या मुक्कामी इंजिनातून तेल झिरपायला लागलं. मिस्त्री म्हणाला, थांब, मी गॅस्केट घेऊन येतो. बाई म्हणाली, तुम्ही येईपर्यंत हवा बिघडेल आणि पुढचा समुद्र हुकेल. तिने तिथल्याच एका मिस्त्रीकडून काम करून घेतलं. चांगला माणूस होता बिचारा, कामाला नीटनेटका. पण आमच्या मिस्त्रीच्या नाकाला मिरच्या झोंबल्या. परक्याचा हात लावून घेतलास माझ्या इंजिनाला, म्हणाला. ती म्हणाली, इंजिन तुमचं असेल, पण समुद्रावर जीव माझा असतो, तेव्हा हात कुणाचा ते मी ठरवीन. मग परत ये गुमान, तो म्हणाला, पुरे झालं हे म्हातारपणीचं खूळ. त्या 'म्हातारपणी'वर तिने फोन ठेवला तो ठेवलाच.

तेव्हापासून दोघांचं बोलणं लेकीमार्फत. लेक नावाला चिऊ, प्रत्यक्षात दोन मुलांची आई. घरची कामं, नोकरी, मुलांच्या शाळा, आणि त्यात आता या दोघांचे निरोप. बाबांना सांग, आईला विचार. चिऊ दोन्हीकडचे शब्द धुऊन-पुसून पलीकडे पोचवायची, म्हणजे निम्मे गाळायची. संसार अशाने टिकतात, विमानांचं सांगता येत नाही.

त्या दिवशी सगळ्यात लांबचा समुद्र होता. बाई सकाळी विमानतळाच्या विश्रामखोलीतून निघाली. खोलीत लोखंडी पलंग, गळका नळ आणि खिडकीला वर्तमानपत्राचा कागद लावलेला. रात्रभर तिने मनातल्या मनात नवऱ्याला उत्तरं दिली होती, त्यामुळे डोळे चुरचुरत होते. हँगरमध्ये येऊन तिने डाव्या पंखाची पट्टी काढली, बाहीवर लावली. उजव्या पंखाची काढली, लावली. पोटाखाली वाकणार, तोच पेट्रोलच्या गाडीवाल्याने हाक मारली, की बाई, मला पुढे जायचंय, आधी टाक्या दाखवा. ती उठली. टाक्या भरून झाल्या, तिने समुद्रावर घालतात तो रबरी पोशाख शर्टावरून चढवला आणि गळ्यापर्यंत चेन ओढली. बाही आत गेली. बाहीवरच्या दोन पट्ट्याही आत गेल्या.

तेवढ्यात चिऊचा फोन आला. बाबा विचारताहेत, पट्ट्या मोजल्यास का.

"सांग त्यांना, मी काल नाही जन्मले," बाई म्हणाली.

चिऊने बाबांना सांगितलं, हो म्हणतेय. बाबांनी म्हणायला हवं होतं, मला ऐकव. पण ते म्हणायचं तर बायकोशी बोलावं लागलं असतं. त्यांनी 'हं' म्हटलं. चिऊने ते 'हं' आईला पोचवलं, आणि ठकी उडाली.

किनारा जवळ असेपर्यंत बाईने खटका फिरवून इंजिनाला मागची टाकी लावून पाहिली. छान चालली. चालणारच, टाकीच्या वरच्या भागात थोडी हवा होती, ती काही काळ पुरली. मग तिने पंखांतल्या टाक्या वापरल्या, आणि किनारा पार मागे राहिल्यावर मागच्या टाकीचा खटका पुन्हा फिरवला. खाली नुसतं पाणी, करड्या रंगाचं. तिने डब्यातली पोळी काढून दोन घास खाल्ले.

तिसऱ्या घासाला ठकीने उचकी दिली.

पहिल्या उचकीला माणूस स्वतःची समजूत घालतो. दुसरी आली, आणि मग इंजिनाचा आवाजच गेला. नाक खाली झुकलं. बाईच्या हाताने तिच्या डोक्याला न विचारता खटका उजव्या पंखावर फिरवला. इंजिन खोकलं, अडखळलं, आणि धरलं. पोळी कुठे पडली ते तिला कळलं नाही.

तिने हिशेब केला. पंखांत जेमतेम दोन तासांचं पेट्रोल. पुढचं बेट त्याच्या दुप्पट लांब, आणि मागचा किनाराही तेवढाच. मागच्या टाकीतलं पेट्रोल मिळालं नाही तर ती समुद्रात जाणार होती, आणि त्या पाण्यात रबरी पोशाखातही माणूस फार टिकत नाही.

तिच्या मनात पहिल्यांदा काय आलं असेल? तो परका मिस्त्री. त्याच्याच हाताने काही सैल राहिलं असणार. म्हणजे नवरा बरोबर होता. म्हणजे आता फोन करून त्याला सांगायचं, की तुम्ही म्हणालात तसंच झालं. जीव जायची वेळ आली आणि बाई त्यात अडकून बसली. फोन हातात घेतला, खाली ठेवला. खटका पुन्हा मागच्या टाकीवर नेला. पुन्हा उचकी, पुन्हा शांतता, पुन्हा घाईघाईने पंखावर. अशी बरीच मिनिटं तिने वाया घालवली. तिच्या जागी कुणी शहाणी असती तर घालवली नसती, पण शहाणी असती तर तिथे असतीच कशाला.

मग पाठीमागे धप्प झालं. कुणीतरी पिंपावर बुक्की मारावी तसं. तिने मान वळवली. टाकीची सपाट बाजू आत ओढली गेली होती, चांगली दोन बोटं. टाकीतून पेट्रोल ओढलं जात होतं आणि आत यायला हवा नव्हती. टाकी गुदमरत होती.

बाईने पोशाखाची चेन उघडली, डावा हात ओढून बाहेर काढला आणि बाहीकडे पाहिलं. दोन लाल पट्ट्या. एक, दोन. तिने बाही उलटून पाहिली, काख पाहिली. तिसरी नव्हती. ती खाली पोटाला होती, हाताच्या अंतरावर, आणि मध्ये विमानाचा पत्रा. तिला रडू आलं, ते भीतीचं कमी आणि संतापाचं जास्त होतं, आणि संताप सगळा स्वतःवर.

तिने फोन लावला. समुद्रावरही चालतो तसला फोन. चिऊने उचलला आणि सवयीने म्हणाली, की काय सांगू बाबांना.

"काही सांगू नकोस. त्यांनाच दे."

हँगरच्या फरशीवर लेकीची पावलं वाजली.

"अहो," बाई म्हणाली, "पोटाची पट्टी राहिली."

तो ओरडला असता तर तिला बरं वाटलं असतं.

"टाकी किती दबलीय?" त्याने विचारलं.

"दोन बोटं."

"म्हणजे फाटली नाही. ऐक. वरचं झाकण सैल कर, हवा आत जाईल. पुरतं काढू नकोस, हिंदकळेल. हाताने फिरणार नाही, टाकीने आतून ओढून धरलंय. पान्याला फडकं गुंडाळ, लोखंडावर लोखंड घासायला नको. खिडकी उघड. आणि आधी सगळी वीज बंद. पेट्रोलची वाफ आत येणार, एक ठिणगी पुरे होईल."

"रेडिओ?"

"रेडिओ, नकाशाचा पडदा, हीटर, सगळं. इंजिनाला बॅटरी लागत नाही, ते चालत राहील. पण उतरेपर्यंत काही म्हणजे काही चालू करायचं नाही."

"मी कुठे आहे ते दाखवणारा तुमच्या पडद्यावरचा ठिपका जाईल."

"जाऊ दे."

"आणि फोन?"

तो थांबला. बाईला पस्तीस वर्षांत तो कधी असा थांबलेला आठवत नव्हता.

"फोनसुद्धा," तो म्हणाला. "अगं..."

पुढचं तिने ऐकलं नाही. आणखी एक शब्द ऐकला असता तर तिचा हात धजला नसता. तिने फोन बंद केला, मग रेडिओ, मग पडदा, मग मुख्य बटण. समोरचे दिवे विझले. इंजिन मात्र चालत राहिलं, त्याने सांगितलं होतं तसं.

विमान आपोआप सरळ ठेवणारं यंत्रही विजेवरच होतं, तेही गेलं. एक गुडघा विमान वळवायच्या दांड्याला टेकवून ती मागे वळली. हात पुरेना. तिने सीटचा पट्टा सोडला. पाना झाकणावर बसवला आणि जोर लावला, तर ठकीच एका बाजूला कलली. पुढे वळून तिला सरळ केलं, पुन्हा मागे. पाना निसटला आणि बोटांची सालं निघाली. तिने नवऱ्याला, त्या टाकीला, पेट्रोलच्या गाडीवाल्याला आणि सगळ्या कुंभारणींना शिव्या घातल्या, आणि तिसऱ्यांदा सगळा भार टाकला.

झाकण कुरकुरलं. लांब सुस्कारा निघाला, टाकीने हवा ओढून घेतली, आणि आत गेलेला पत्रा धाडदिशी बाहेर आला. बाईचा जीव त्या आवाजानेच जायचा बाकी राहिला.

तिने खटका मागच्या टाकीवर फिरवला. इंजिन अडखळलं. अडखळतच राहिलं. ती बसल्या जागी, वासाने डोळे गळत असताना, त्याला अहोजाहो करून विनवू लागली. मग आवाज एकसारखा झाला.

पुढचे तास तिने कसे काढले ते तिलाच नीट सांगता येत नाही. समोर होकायंत्र आणि मनगटावर घड्याळ, बाकी सगळं मुकं. उघड्या खिडकीतून येणाऱ्या गारठ्याने बोटं वाकेनात, आणि खिडकी लावावी तर वाफेने डोकं फुटायची पाळी. दोनदा ओकली. वाऱ्याने आपल्याला बाजूला ढकललं असेल तर बेट दिसायचं नाही आणि कळायचंही नाही, हे तिला ठाऊक होतं, म्हणून त्याचा विचार ती करत नव्हती. विचार येत होता तो त्या 'अगं'चा. त्याच्यापुढे काय होतं? रागावणार होता, की गॅस्केटचं काढणार होता? एवढं ऐकायला तरी उतरायला हवं, असं तिने ठरवलं.

बेटावर ढग बसला होता, तो आधी दिसला. मग त्याच्याखाली काळी रेघ, आणि डावीकडे, बरीच डावीकडे, धावपट्टी. रेडिओ नसल्याने तिने मनोऱ्याभोवती पंख हलवत घिरट्या घातल्या. तिथल्या माणसांनी हिरवा दिवा दाखवला आणि ती उतरली. ठकी दोनदा उसळली आणि मग टेकली. इंजिन बंद करून बाई खाली उतरली. ती सरळ गवतावर आडवी झाली आणि सरपटत पोटाखाली गेली. पट्टी तिथेच होती, व्यवस्थित, एक कोपराही सुटलेला नाही. कशी सुटणार, लावायला त्यानेच शिकवलं होतं.

विमानापासून लांब जाऊन तिने फोन चालू केला. रिंग पुरती वाजलीही नाही.

"मोज," मिस्त्री म्हणाला.

तिने हॅलो म्हटलं नव्हतं. तिने बाही पुढे केली, तिथे कुणी बघणारं नसताना. "डावा पंख, एक. उजवा पंख, दोन." सोललेल्या बोटांनी तिने तिसरी पट्टी बाहीवर दाबून बसवली. "पोट, तीन."

पलीकडून 'हं' आलं नाही.

"ऐकू नाही आलं," तो म्हणाला. "परत मोज."

त्याला लख्ख ऐकू आलं होतं. मागे चिऊ हुंदके देत होती ते हिला ऐकू येत होतं, मग हिचं त्याला का येणार नाही? एरवी तिने तेवढ्यावरून भांडण काढलं असतं. पण त्याचा आवाज फाटलेला होता, आणि 'हं' म्हणायला तो तोंड उघडायचा तेव्हा भलतंच काही बाहेर येत होतं.

"डावा पंख, एक," बाई म्हणाली. तो परत मोज म्हणत राहिला, आणि ती गवतावर बसून परत परत मोजत राहिली.