रविवारचा ठसा

मित्रांनो, मी एक जुना शिक्का आहे, कामगार कार्यालयाच्या आवक टेबलावरचा. मूठ लाकडी, तोंड रबरी आणि पोटात तारखेचे पट्टे. मला एकच शब्द येतो: ‘मिळाले’. एका अंधाऱ्या दुकानातल्या म्हाताऱ्या कारागिराने तो कोरला, कागदावर उमटवून पाहिला आणि “झकास!” म्हणाला. ती माझी पहिली शाबासकी, आणि खरं सांगायचं तर शेवटचीही.

मला हाताळत ते कारकून नाना. नानांना एक खोड होती. सकाळी घाई नको म्हणून संध्याकाळी घरी निघतानाच ते माझी तारीख एक घर पुढे सरकवत. एका शनिवारीही त्यांनी तेच केलं. मध्ये रविवार आहे हे डोक्यातून पार गेलं. सोमवारी सकाळी मी अकरा कागदांवर बेधडक रविवार उमटवला, तेव्हा कुठे नानांनी जीभ चावली आणि पट्टा फिरवला. आवक वहीत मात्र सोमवारच लिहिला.

त्या अकरांत एका शिलाई कामगार बाईचा अर्ज होता. कारखान्याच्या मागच्या दाराला कामाच्या वेळी कुलूप असतं, आग लागली तर आम्ही निघायचं कुठून, असं तिने मालकाला विचारलं होतं. दुसऱ्याच दिवशी तिला फाटकात अडवलं. मला परत कामावर घ्यायला सांगा, एवढंच तिचं मागणं. तिच्याजवळच्या प्रतीवरही माझा रविवार होता.

मग ती दर सोमवारी येऊ लागली.

“काका, लागला का माझा नंबर?”

“साहेब मीटिंगला गेलेत, ताई.”

“मागच्या खेपेलाही मीटिंगच होती. संपत नाही का हो ती?”

नाना हसत, पण वर बघत नसत. असे चौदा महिने गेले. मला तिच्या चपलांचा आवाज ओळखू येऊ लागला आणि तो ऐकला की माझी शाईच सुकायची.

एकदा ती वकीलबाईंना घेऊन आली. बाकावर बसून त्या तिला समजावत होत्या, “कोर्ट आजच तुला कामावर घ्या म्हणणार नाही. पण अर्जावर अमुक दिवसांत निर्णय द्या, असा हुकूम साहेबांना देऊ शकतं. अर्ज दिल्याचा पुरावा तेवढा जपून ठेव.” तिने प्रत छातीशी धरली. मी मनातून हादरलो.

ती कोर्टात गेली आणि व्हायचं तेच झालं. साहेबांनी कोर्टासाठी उत्तर लिहवून घेतलं: असा अर्ज आलाच नाही, रविवारी कार्यालय बंद असतं, सबब ठसा बनावट. मग नानांकडे वळून म्हणाले, “वही वाळवीने खाल्ली म्हणून सांगा.” नानांच्या निवृत्तीला दोन वर्षं उरली होती. त्या दिवशी त्यांनी डबा उघडलाच नाही.

सुनावणीला नाना वही घेऊन गेले. मी त्यांच्या खिशात रुमालात होतो. “चूक माझी आहे, कागद ताईंचा खरा आहे,” ते म्हणाले आणि त्याच सकाळचं दुसरं एक पत्र पुढे केलं. साहेबांच्या नव्या खुर्चीच्या मंजुरीचं. त्यावरही रविवारच होता, आणि खुर्ची तिसऱ्या दिवशी आली होती.

न्यायमूर्तींनी मला कोऱ्या कागदावर उमटवून पाहिलं. हुकूम झाला: आदेश पोचल्यापासून तीस दिवसांत निर्णय द्या.

तो आदेश आला माझ्याच टेबलावर. नानांनी तारीख दोनदा तपासली आणि मला दाबलं. त्यानंतर मी रोज दिवस मोजत होतो. दहा झाले, वीस झाले, पंचवीस झाले. साहेब मीटिंगला जातच होते. नानांच्या हातात ताकीदपत्रही पडलं.

एकोणतिसाव्या दिवशी माझ्या शेजारचा जावक शिक्का, जो कित्येक दिवस कोरडाच पडला होता, ठप्पकन वाजला. चौकशीला आलेल्या बाईला नानांनी कागद वाचून दाखवला, “कामावर परत घ्यावे. मागचे दार उघडे ठेवावे.” बाईने दोनदा वाचायला लावलं आणि मग बाकावर बसून रडली.

मित्रांनो, उद्या तुमच्यापैकी कोणी या खुर्चीवर बसाल. माझी तारीख नीट बघा, आणि माझ्याखालचा कागदही वाचा. मी आणि जावक शिक्का यांच्यात टेबलावर फक्त वीतभर अंतर आहे. तेवढं ओलांडायला त्या बाईला कोर्टापर्यंत जावं लागलं.